कलेने भिंती पडतात काय?

कलेला जात नसते, असे आपण निबंधात सहज लिहून जातो. आमच्या घरातून महाविद्यालयाची पायरी चढणारा मी पहिलाच, आणि तोही धडगावकडचा. म्हणून हे विधान जरा तपासून पाहावे असे मला वाटते.

१९४४ साली अण्णाभाऊ साठे, अमर शेख व द. ना. गव्हाणकर यांनी लाल बावटा कलापथक उभारले. अण्णाभाऊ मांग समाजातले; शाळा जवळजवळ नाहीच. मुंबईच्या गिरण्यांत विणकाम खात्यात अस्पृश्य कामगारांना वर्षानुवर्षे मज्जाव होता. धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे, म्हणून विटाळाची भीती! ज्यांना त्या खात्यात जागा नव्हती त्यांच्यातलाच शाहीर मैदानात सर्व कामगारांसमोर उभा राहून गाऊ लागला, ही गोष्ट मी लहान मानत नाही. पण गाणारा तो स्वतः होता. त्याच्या वतीने दुसरा कोणी गात नव्हता.

शहादा भागातले आपले भिल्ल कवी, ‘गोधड’कार वाहरू सोनवणे यांनी ‘स्टेज’ या कवितेत नेमके हेच दाखविले आहे. आदिवासी खाली बसलेले, आणि वरची मंडळी त्यांचेच दुःख त्यांना समजावून सांगत आहेत.

आता आपली स्नेहसंमेलने पाहू. ‘आदिवासी नृत्य’ नसलेले संमेलन आपल्या जिल्ह्यात विरळाच. एका ठिकाणी मी पाहिले: मोरपिसे कागदाची, गाणे चित्रपटातले, नाचणाऱ्यांत पाड्यावरचा एकही नाही. टाळ्या मात्र भरपूर. दुसऱ्या दिवशी वसतिगृहातल्या आमच्या मुलांच्या बोलण्याची नक्कल करणारे त्यांतलेच काही होते!

अक्कलकुवा तालुक्यात काठीची होळी ज्यांनी पाहिली असेल त्यांना फरक सांगावा लागणार नाही. तिथे रात्रभर नाच चालतो व पहाटे होळी पेटते. कमरेला भोपळे बांधून, डोक्यावर मोरपिसांचा टोप चढवून नाचणारे बुध्या नवस बोललेले असतात, नेम पाळत असतात. तो पोशाख भाड्याने मिळत नाही. आणि तिथे रंगमंचही नाही. सारे एकाच जमिनीवर.

संमेलन समितीस माझी विनंती आहे. यंदा नृत्य बसवायला पाड्यावरचा ढोलवाला बोलवावा, त्याला मानधन द्यावे, आणि निवेदन आधी पावरीत, मग मराठीत करावे. ज्यांना पावरी येत नाही त्यांना तेवढी दोन मिनिटे न समजता बसावे लागेल. आम्ही पहिलीच्या वर्गात वर्षभर तसेच बसलो होतो.