इंग्रजीतील ‘तू’ आणि ‘आपण’

मराठी मूल आईला ‘तू’ म्हणते, गुरुजींना ‘तुम्ही’ म्हणते आणि सभेच्या अध्यक्षांना ‘आपण’ असे संबोधते. इंग्रज मूल मात्र या तिघांनाही ‘यू’ असेच म्हणते. मग इंग्रजीत आदर दाखविण्याची सोयच नाही काय?

पूर्वी इंग्रजीतही ‘दाऊ’ आणि ‘यू’ असे दोन शब्द होते. मुलांना, सेवकांना व जिवलग मित्रांना ‘दाऊ’ म्हणत. वडीलधाऱ्यांना व मानकऱ्यांना ‘यू’ म्हणत. १६०३ साली विंचेस्टर येथे सर वॉल्टर रॅले या दर्यावर्दी सरदारावर राजद्रोहाचा खटला चालला. सरकारपक्षाचे वकील एडवर्ड कोक यांनी भर न्यायालयात त्यांना ‘दाऊ’ म्हटले. इतकेच नव्हे, तर आपण तसे मुद्दाम म्हणत आहोत, हेही बजावले. मित्राच्या मुखी जो शब्द गोड वाटावा, तोच तेथे अपमानाचे शस्त्र झाला!

पुढे ‘दाऊ’ नित्याच्या बोलण्यातून मागे पडला. प्रार्थना, जुनी कविता आणि काही बोली यांतच तो उरला. लहानथोर सर्वांच्या वाट्याला ‘यू’ आला. परंतु आदराची गरज काही संपली नाही. ती आता शब्दांची निवड आणि वाक्यांची घडण यांनी भागवावी लागली.

शब्दांचे भांडार तर आधीच भरलेले होते. १०६६ साली नॉर्मंडीच्या विल्यमने इंग्लंड जिंकले. त्यानंतर दीर्घकाळ दरबारात फ्रेंच भाषा चाले, तर शेतकरी आपल्या घरी इंग्रजी बोले. कालांतराने कितीतरी फ्रेंच शब्द इंग्रजीत मिसळले आणि एकाच अर्थाचे दोन दोन शब्द नांदू लागले. ‘आस्क’ म्हणजे विचारणे, हा घरचा शब्द. ‘इन्क्वायर’ हा कचेरीतला. मित्राला ‘हेल्प’ करावयाची, पण अहवालात ‘असिस्ट’ लिहावयाचे. दुकानातून वस्तू ‘बाय’ करावयाची, पण करारपत्रात ती ‘पर्चेस’ होते.

वाक्याचेही तसेच आहे. भावाला ‘ओपन द विंडो’ असे सांगितले तरी चालते. अपरिचित वृद्ध गृहस्थांना मात्र ‘कुड यू ओपन द विंडो, प्लीज?’ असे विचारतात. येथे आज्ञेचा प्रश्न झाला आणि समोरच्याला नकार देण्याची मोकळीक मिळाली. हाच आदर होय. मित्राच्या पत्रातील ‘डोन्ट’ अर्जात ‘डू नॉट’ होतो, तोही याच कारणाने.

यावरून घरगुती भाषा हलकी आणि औपचारिक भाषा थोर, असे मात्र कोणी समजू नये. आजारी मित्राला कचेरीच्या थाटाचे पत्र पाठविले, तर त्याचे मन दुखावेल. त्याला साधे ‘हाऊ आर यू?’ हवे असते. समोर कोण आहे व प्रसंग कोणता आहे, हे जाणून बोलणे म्हणजेच भाषा येणे. त्या दिवशी कोक यांचे व्याकरण अचूक होते. सुटली होती ती मर्यादा.

स्वाध्याय
१. कोक यांच्या ‘दाऊ’मुळे रॅले यांचा अपमान का झाला?
२. आज्ञेचा प्रश्न केल्याने आदर कसा व्यक्त होतो?
३. एकच विनंती मित्राला व मुख्याध्यापकांना मराठीत लिहा आणि दोहोंतील भेद सांगा.