प्रकाश गळतो तो सांध्यात

पाथरी, मानवत, सेलू या पट्ट्यात मी फायबर जोडायला शिकलो. पुढे नवी मुंबईत ऐरोली-महापेच्या डेटा सेंटरांमध्ये तेच काम गार हवेत, चकचकीत फरशीवर केलं. गावाकडे ग्रामपंचायतीपर्यंत १०० एमबीपीएस पोचवायची धडपड, तर तिकडे स्विचच्या एकेका पोर्टातून ८०० जीबीपीएस. आकड्यांत जमीन-अस्मानाचा फरक असला, तरी काचेचं वागणं दोन्हीकडे एकच. नव्याने या कामात येणाऱ्या पोरांना मी जे सांगत असतो, ते इथे क्रमाने मांडतो.

१. लांबी नंतर, आधी टोकं बघा

लाइन मंद झाली की लोकांचा संशय अंतरावर जातो. ‘एवढ्या लांबून येते, कमी होणारच.’ हे १९६६ साली खरं होतं. त्या वर्षी चार्ल्स काव यांनी लिहिलं, की काचेतली अशुद्धी काढून लॉस किलोमीटरला २० डीबीवर आणला तर काचेतून फोन चालतील. २० डीबी म्हणजे एका किलोमीटरनंतर शंभरातला एक भाग प्रकाश उरणं. तेवढंही तेव्हा कुणाला जमत नव्हतं. १९७० साली अमेरिकेत कॉर्निंग कंपनीने ते जमवलं आणि काव यांना २००९ साली नोबेल मिळालं. आज चांगल्या फायबरचा लॉस किलोमीटरला साधारण ०.२ डीबी आहे. म्हणजे प्रकाश निम्मा व्हायला १५ किलोमीटर जावं लागतं.

आता उलट हिशेब करा. एक मळका कनेक्टर सहज १ डीबी खातो. म्हणजे पाच किलोमीटर काच जेवढं खाते, तेवढं एक टोक खातं. आमच्याकडे जायकवाडी धरणाच्या डाव्या कालव्याचं पाणी वाटेतच मुरतं आणि टेलच्या शेतकऱ्याला वाट बघावी लागते. फायबरचं गणित याच्या नेमकं उलट आहे. पाटात फारसं काही मुरत नाही, जे गळतं ते दारांवर.

डेटा सेंटरमध्ये हे आणखी ठळक दिसतं. प्रकाश पाठवणाऱ्या-घेणाऱ्या, ४०० जीच्या (म्हणजे ४०० जीबीपीएसच्या) एका प्रचलित मॉड्यूलला जास्तीत जास्त ५०० मीटर फायबर चालते आणि वाटेतल्या एकूण लॉसला ३ डीबीची मुभा असते. अर्धा किलोमीटर काच त्यातले पाव डीबीसुद्धा खात नाही. उरलेली जवळपास सगळी मुभा कनेक्टरांसाठी ठेवलेली आहे. मॉड्यूल बनवणाऱ्यांनाही ठाऊक आहे, की चोर टोकाला बसलेला असतो.

२. स्वच्छ दिसणं आणि स्वच्छ असणं

लांब पल्ल्याच्या सिंगल मोड फायबरचा गाभा साधारण ९ मायक्रॉनचा. कनेक्टरचं टोक नुसत्या डोळ्याला पांढरा ठिपका दिसतं. मायक्रोस्कोपखाली धरलं की खरं रूप कळतं: मधला काळसर गोल आणि त्याच्यावर बोटाच्या तेलाचा डाग, नाहीतर टोपणाच्या प्लास्टिकचा कण. होय, धूळ बसू नये म्हणून लावलेलं टोपणच कण सोडून जातं. त्यामुळे पाकिटातून नुकती काढलेली पॅचकॉर्डसुद्धा मी आधी बघतो, मग पुसतो, मग पुन्हा बघतो. शर्टाच्या टोकाने पुसणारा माणूस दिसला की त्याला शांतपणे बाजूला घेतो.

मोठ्या वेगांना हे जास्त बाधतं. जुन्या १० जीच्या लाइनमध्ये प्रकाश आहे की नाही, एवढंच ओळखायचं असायचं. ४०० आणि ८०० जीची मॉड्यूल प्रकाशाच्या चार पातळ्या ओळखतात, त्यामुळे टोकावरून परतणारा थोडासा प्रकाशही त्यांना गोंधळात टाकतो. शिवाय एमपीओ कनेक्टरमध्ये बारा किंवा सोळा फायबर एका ओळीत बसतात. एकावर कण बसला तरी पूर्ण लिंक पडते.

एका डेटा सेंटरमध्ये रात्रभर मॉड्यूल बदलणं चालू होतं. नवं मॉड्यूल घातलं की लिंक यायची, तासाभरात चुका वाढून पडायची. कंपनीचं मॉड्यूल खराब, असा निकालही लागला होता. शेवटी पॅनेलच्या आतल्या बाजूचं टोक मायक्रोस्कोपखाली घेतलं. घाण तिथे होती आणि प्रत्येक नव्या मॉड्यूलला ती चिकटत होती. म्हणून नियम असा: एक टोक पुसलं तर त्याच्या समोरचंही पुसा. अर्धी सफाई म्हणजे घाणीची वाटणी.

३. स्प्लाईसला घाई चालत नाही

केबलचं आवरण सोला, जेली पुसा, स्लीव्ह आधीच ओवून ठेवा. मग रंगीत थर काढला की १२५ मायक्रॉनची उघडी काच हातात येते. अल्कोहोल लावलेल्या कागदातून ओढताना ती चिर्र वाजली पाहिजे. वाजली नाही तर अजून मळ आहे. क्लीव्हरने टोक सरळ कापा. ते जरा तिरकं गेलं की मशिन हटकतं. तुटलेले तुकडे लगेच डब्यात टाका, नाहीतर बोटात शिरतील आणि सापडणारही नाहीत. मग पडद्यावर दोन टोकं एकमेकांकडे सरकतात, एक ठिणगी उडते आणि मधली रेघ नाहीशी होते. एवढा वेळ फक्त तिथेच लक्ष. मे महिन्यात पाथरीच्या शिवारात वारा सुटला की आम्ही टेम्पोची दारं लावून आत घामाघूम होऊन बसायचो. उकाडा परवडतो, धूळ परवडत नाही.

मशिन ०.०२ डीबी दाखवतं तो त्याचा अंदाज असतो. दोन टोकांचं चित्र बघून ते हिशेब करतं, प्रकाश मोजत नाही. खरं सांगतो तो ओटीडीआर, म्हणजे लाइनीत प्रकाश सोडून परत आलेला प्रकाश मोजणारं यंत्र, आणि तोही दोन्ही बाजूंनी मारावा लागतो. एका बाजूने कधी कधी जॉइंटवर प्रकाश वाढल्यासारखा दिसतो. जॉइंटमध्ये प्रकाश वाढत नसतो. दोन बाजूंच्या काचेचा गुण थोडा वेगळा असतो, म्हणून तसं दिसतं. दोन्हीकडचे आकडे घ्या आणि सरासरी काढा.

४. काळ्या मातीचा स्वभाव ओळखा

आमची जमीन उन्हाळ्यात भेगाळते आणि पावसात फुगते. चर उथळ असला तर ही हालचाल डक्ट ओढते आणि ताण नेमका जॉइंटवर येतो. ग्रामपंचायतींपर्यंत फायबर नेणाऱ्या सरकारी भारतनेटच्या कामात दीड मीटरपेक्षा खोल चराचा नियम होता, त्याला कारण होतं. जिथे खडक लागला किंवा घाई झाली आणि चर वर आला, तिथल्या तक्रारी पहिल्या पावसाळ्यात सुरू होतात.

दुसरा शत्रू जेसीबी. रस्त्याचं रुंदीकरण, पाण्याची पाइपलाइन, शेतरस्ता, काहीही असो, बकेट खाली गेली की २४ कोअर एका झटक्यात तुटतात. त्यावर इलाज एकच: चेंबरमध्ये केबलचा सैल लूप भरपूर ठेवा. लूप असला की ओढून एका जॉइंटमध्ये काम भागतं. नसला की मधे तुकडा घालून दोन जॉइंट करावे लागतात आणि दोन सांधे म्हणजे गळायला दोन जागा.

५. दोन मार्ग जमिनीत एकत्र येतात

नकाशावर दोन वेगळ्या रंगांच्या रेषा असतात. प्रत्यक्ष चालत गेलात तर कळतं, की नदीला पूल एकच आहे आणि दोन्ही केबली त्याच पुलाच्या कडेला बांधल्या आहेत. पाथरीहून माजलगावकडे जाताना गोदावरी ओलांडावी लागते. कंपन्या कितीही असोत, पूल मोजकेच असतात.

जगाच्या पातळीवरही हेच घडतं. ३० जानेवारी २००८ रोजी इजिप्तच्या अलेक्झांड्रियाजवळ फ्लॅग आणि सी-मी-वी ४ या दोन समुद्री केबली एकाच दिवशी तुटल्या. भारताची परदेशाशी जोडणारी इंटरनेट क्षमता त्या दिवशी निम्म्याच्या आसपास गेली. कंपन्या वेगळ्या होत्या, पण समुद्राचा तळ तोच. मुंबईतही बऱ्याच समुद्री केबली वर्सोव्याच्या किनाऱ्यावर जवळजवळ उतरतात. म्हणून चांगल्या डेटा सेंटरला फायबर आत घ्यायच्या दोन खोल्या असतात, इमारतीच्या दोन टोकांना. तिथवर येणारे केबलीचे रस्तेही वेगळे हवेत. ते चालत जाऊन बघा, कागदावर सही करून नव्हे.

६. तांबं अजून मेलेलं नाही

डेटा सेंटर म्हणजे सगळं फायबर, असं बाहेर वाटतं. पण एकाच रॅकमध्ये सर्व्हर ते स्विच एवढं दोन-तीन मीटर अंतर असेल तर तांब्याची केबल स्वस्त पडते, वीज जवळपास खात नाही आणि तिला पुसावंही लागत नाही. रॅकच्या बाहेर पाऊल टाकलं की फायबर. तिथे प्रत्येक खालचा स्विच प्रत्येक वरच्या स्विचला जोडलेला असतो. या मांडणीचं मूळ चार्ल्स क्लॉस यांनी १९५३ साली टेलिफोन एक्स्चेंजसाठी मांडलेल्या गणितात आहे. म्हणूनच स्विच वाढले की केबली दुपटी-चौपटीने वाढतात.

एआयच्या कामाने यात विजेची भर घातली. १० जीचं मॉड्यूल साधारण एक वॅट खायचं, ८०० जीचं पंधराच्या आसपास खातं. ६४ पोर्टांचा एक स्विच भरला की नुसती मॉड्यूलच जवळपास एक किलोवॅट घेतात आणि तेवढी उष्णता सोडतात. म्हणून आता प्रकाशाचा भाग थेट स्विचच्या चिपशेजारी बसवायचा प्रयत्न चालू आहे. एनव्हिडियाने २०२५ साली तसे स्विच जाहीर केले. सांधा जितका कमी, तितका फायदा, हे चिप बनवणाऱ्यांनाही पटलेलं आहे.

७. वाक आणि डोळा

रॅकचं दार लागताना पॅचकॉर्ड दाबली गेली तर प्रकाश वाकाच्या जागी बाहेर पडतो. ओळखायची खूण अशी: १५५० नॅनोमीटर तरंगलांबीवर लॉस जास्त आणि १३१० वर कमी, तर काच वाकली आहे. दोन्हींवर सारखाच, तर घाण किंवा जॉइंट. आणि चालू फायबरच्या टोकात डोळा घालून ‘लाइट येते का’ बघू नका. तो प्रकाश डोळ्याला दिसतच नाही, पण इजा करतो. त्यासाठी पॉवर मीटर आहे.

८. लेबल आजचं नको, तीन वर्षांनंतरचं हवं

केबल लावणारा माणूस तीन वर्षांनी त्या कंपनीत नसतो. तेव्हा दोन्ही टोकांना रॅक, पॅनेल, पोर्ट लिहिलेलं लेबल हवं. जागा बदलली की वहीतली नोंदही त्याच दिवशी बदला. पहाटे तीन वाजता चुकीची पॅचकॉर्ड उपटली गेली, तर त्यात हाताइतकाच वहीचाही दोष असतो.

९. डेटा सेंटर तिकडे, काम इथेही

पाथरीला मोठं डेटा सेंटर का नाही, असं पोरं विचारतात. त्याला भरवशाची प्रचंड वीज, अनेक दिशांनी येणारी फायबर आणि समुद्री केबलीची जवळीक लागते. ऐरोली, महापे, पनवेलला ते जुळून आलं. २०१५ साली मायक्रोसॉफ्टने आणि २०१६ साली ॲमेझॉनने महाराष्ट्रात क्लाउड सुरू केला. काचेतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर जातो. पाथरीहून मुंबई पाचशे किलोमीटर धरली तरी जाऊन यायला पाच मिलिसेकंद पुरतात. अंतराने गाव मागे पडत नाही, तुटक्या लाइनीने पडतं.

काच तर मराठवाड्यातच बनते. छत्रपती संभाजीनगरजवळ शेंद्रा आणि वाळूज इथे स्टरलाइट टेक्नॉलॉजीजचे काच आणि फायबरचे कारखाने आहेत. जोडणारे हात मात्र कमी पडतात. या कामात यायचं असेल तर पहिल्या मुलाखतीत पगाराबरोबर आणखी एक गोष्ट विचारा: मायक्रोस्कोप आणि सफाईचं सामान कुठे असतं? साहेबांच्या कुलपात असेल तर तिथे रोज रात्रीच्या तक्रारी काढायची तयारी ठेवा. प्रत्येकाच्या पिशवीत असेल तर दोन पैसे कमी मिळाले तरी तीच नोकरी धरा.