मेजावरची सृष्टी : केकी मूस यांच्या कलेवरून एक पाठ

(इयत्ता ४ थी व ५ वी. कलाशिक्षण व परिसर अभ्यास यांचा संयुक्त पाठ.)

उद्देश : चित्रात दिसणारी वस्तू व प्रत्यक्ष वस्तू यांतील अंतर मुलांनी स्वतःच्या हातांनी अनुभवावे, आणि कल्पना कोठे संपते व फसवणूक कोठे सुरू होते हे त्यांच्या ध्यानी यावे, हे या पाठाचे उद्देश होत.

विषयप्रवेश : मूठभर मातीचा डोंगर करणारी आणि वाळलेल्या काडीचा वृक्ष करणारी अशी एखादी कला जगात असेल काय, असा प्रश्न शिक्षकांनी प्रथम वर्गापुढे ठेवावा. मुले जादूगाराचे किंवा गोष्टीतील राक्षसाचे नाव घेतील. त्यांचे बोलणे पुरते ऐकून घ्यावे. मग सांगावे की, अशी कला खरोखरच आहे, आणि तिचा एक थोर उपासक आपल्याच खानदेशात, चाळीसगाव येथे होऊन गेला.

विवेचन : कैखुश्रू माणेकजी मूस, म्हणजेच कलामहर्षी केकी मूस, यांचा जन्म २ ऑक्टोबर १९१२ रोजी मुंबई येथे झाला. इंग्लंडमध्ये कलाशिक्षण घेऊन ते चाळीसगावी परतले व रेल्वे स्थानकाजवळील आपल्या घरात कलासाधना करीत राहिले. ३१ डिसेंबर १९८९ रोजी त्यांचे निधन झाले. तोपर्यंतच्या सुमारे पाच दशकांत ते घराबाहेर क्वचितच पडले. चित्र, शिल्प, काष्ठकाम अशा अनेक कलांत त्यांची गती होती. परंतु त्यांची कीर्ती झाली ती टेबलटॉप छायाचित्रणामुळे. मेजावर किरकोळ वस्तूंची मांडणी करावयाची, आणि तिचे छायाचित्र असे घ्यावयाचे की पाहणारास विस्तीर्ण निसर्गदृश्य समोर असल्याचा भास व्हावा, ही ती कला. ज्याने जगात हिंडणे सोडले, त्याने मेजावर जग उभे केले. त्यांचे ते घर आज कलासंग्रहालय म्हणून जतन केलेले आहे. शक्य त्या शाळांनी तेथे सहल न्यावी.

या किमयेमागे शास्त्र आहे. आपण दोन डोळ्यांनी पाहतो, म्हणून जवळ काय व दूर काय हे आपणास कळते. कॅमेऱ्यास डोळा एकच. त्यामुळे छायाचित्र पाहताना आपण अंतर व आकार यांचा केवळ अंदाज बांधतो. टेबलटॉपचा कलावंत हा अंदाजच आपल्या हाती घेतो. त्याचे नियम मुलांना असे सांगावेत : ज्या वस्तूचे आकारमान सर्वांस ठाऊक आहे, अशी वस्तू दृश्यात येऊ देऊ नये, भिंग मेजाच्या पातळीपर्यंत खाली आणावे, म्हणजे पाहणारा त्या दृश्यात उभा असल्यासारखा वाटतो, प्रकाश एकाच बाजूने व तिरपा द्यावा, म्हणजे कलत्या सूर्याप्रमाणे सावल्या लांब पडतात, आणि दूरचे ते फिके दिसावे.

कृती : चार-पाच मुलांचा एक गट करावा. ताटात ओल्या मातीची सातपुड्याची रांग रचावी. काटे काढलेली बाभळीची डहाळी रोवून वठलेला वृक्ष करावा. लहान आरसा ठेवून त्याच्या कडा वाळूने झाकल्या की तळे होते. विरळ पिंजलेला कापूस डोंगरापुढे धुक्याचे काम करतो. मागे फिकट निळा कागद उभा करावा, खोलीत अंधार करून एका बाजूने विजेरी धरावी, आणि शिक्षकांनी मोबाईलच्या कॅमेऱ्याने छायाचित्र घ्यावे. त्यानंतर ताटात एक काड्यापेटी ठेवून वरून दुसरे छायाचित्र घ्यावे. दोन्ही शेजारी-शेजारी ठेवून दाखवावीत. डोंगर क्षणात ताटाएवढा होतो, आणि मुलांच्या मुखावर जे आश्चर्य उमटते तेच या पाठाचे खरे फळ होय.

विचार : येथे एक इतिहास सांगावा. इंग्लंडमधील कॉटिंग्ली या गावी १९१७ मध्ये दोन मावसबहिणींनी कागदाच्या पऱ्या कापून, टाचण्यांच्या आधारे उभ्या करून छायाचित्रे घेतली व त्या पऱ्या खऱ्या असल्याचे सांगितले. शेरलॉक होम्सचे जनक आर्थर कॉनन डॉईल यांनीही त्यांवर विश्वास ठेवला व १९२० मध्ये तसा लेख प्रसिद्ध केला. पऱ्या कागदाच्या होत्या, ही कबुली त्या बहिणींनी १९८३ मध्ये, वृद्धापकाळी दिली. कागद व कॅमेरा निर्दोषच होते. दोष होता तो शब्दांचा. मूस यांच्या कलेचे नावच मेजावरून पडले आहे, म्हणून ती कला. कॉटिंग्लीच्या चित्रांनी आपले मूळ लपविले, म्हणून ती फसवणूक. आज घरोघरी मोबाईलवर क्षणाक्षणाला चित्रे येतात, आणि कित्येक खोटी असूनही खरी मानली जाऊन त्यांवरून माणसे परस्परांवर रागावतात. ज्या मुलाने ताटात डोंगर केला आहे, ते असे चित्र पाहताच विचारील, ‘काड्यापेटी कोठे आहे?’

स्वाध्याय :
१. आपल्या छायाचित्राखाली वापरलेल्या सर्व साहित्याची यादी लिहा.
२. वर्तमानपत्रातील एक छायाचित्र घ्या. त्यातील वस्तूंचा खरा आकार कशावरून कळतो, ते सांगा.
३. चित्र कोणी, कोठे व केव्हा काढले हे माहीत नसेल, तर ते दुसऱ्यास पाठविण्यापूर्वी काय करावे?