शेजाऱ्याचा उपद्रव आणि गृहस्थाची क्षमा

गढा ही गोंड राजांची जुनी राजधानी. मदनमहालाच्या परिसरातील ही वस्ती आता जबलपूर शहरात सामावून गेली आहे. अशा जुन्या वस्तीत भिंतीला भिंत लागलेली असते व एकाचे अंगण दुसऱ्याच्या खिडकीतून दिसते. शेजार सज्जन असेल तर हाच मोठा आधार होय. परंतु शेजारी घरातील स्त्रियांवर नजर ठेवू लागला, न विचारता आवारात शिरू लागला, तर गृहस्थाला स्वतःच्याच घरात परक्यासारखे वावरावे लागते. मग गीतापाठ करणाऱ्यापुढे प्रश्न उभा राहतो : क्षमा करावी की प्रतिकार?

क्षमेचा विषय निघाला की देहूची कथा सांगितली जाते. विठ्ठलमंदिराला लागून मंबाजी गोसाव्याची बाग होती. प्रदक्षिणेच्या वाटेवर आलेले तिच्या कुंपणाचे काटे तुकोबांनी दूर केले, तेव्हा मंबाजीने काटेरी फांद्यांनीच त्यांना झोडपले. रात्री तो कीर्तनास आला नाही, म्हणून तुकोबा स्वतः त्याला बोलवावयास गेले, असे महिपतींनी वर्णिले आहे. कथा थोर आहे खरी. पण तिचा अर्थ लावताना फार घाई होते. मार तुकोबांच्या देहावर पडला होता, म्हणून क्षमेचा अधिकारही त्यांचाच होता. याच मंबाजीने संत बहिणाबाईंच्या गाईला बांधून मारल्याचे त्यांच्या आत्मचरित्रपर अभंगांत आले आहे. त्या मुक्या गाईच्या वतीने क्षमा कोणी करावी? मुलीची वाट अडविली जात असता पिता स्वतःस क्षमाशील समजून गप्प राहील, तर तो तिच्या दुःखावर आपले पुण्य साठवीत असतो.

गीतेच्या सोळाव्या अध्यायात दैवी संपत्तीची गणना अभयापासून सुरू होते, आणि तिसऱ्या श्लोकात तेज व क्षमा एकापाठोपाठ येतात. अक्रोध त्याआधीच सांगितला आहे. म्हणून रागाच्या भरात, एकट्याने शेजाऱ्याच्या दारी भांडावयास जाऊ नये. क्षुल्लक त्रास असेल तर दोन वडीलधाऱ्यांसमक्ष त्याला एकदा स्पष्ट सांगावे. धमकी किंवा स्त्रियांचा छळ असेल तर तेवढेही न थांबता पोलिसांकडे जावे. तातडीच्या वेळी 112 हा क्रमांक आहे. प्रत्येक प्रसंगाची तारीख, वेळ व साक्षीदार वहीत टिपून ठेवावेत. खासगीपण हा मूलभूत अधिकार असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 2017 साली ठरविले. 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत स्त्रीला खासगी स्थितीत चोरून पाहणे (कलम 77), तिचा पाठलाग करणे (कलम 78) व बेकायदा घरात शिरणे (कलम 329) हे गुन्हे आहेत.

तक्रार म्हणजे चहाडी, असे वाटून काही भाविक कचरतात. कारण दैवी संपत्तीत अपैशुनही आहे. परंतु अधिकाऱ्यासमोर घडले तेवढे सांगणे ही चहाडी नव्हे. तीच हकीकत पदरचे मीठमिरची लावून देवळाच्या ओट्यावर सांगणे, हे मात्र पैशुन्य होय. अर्जात त्या माणसाचे कुळ, जात, जुनी भांडणे यांचा उल्लेख नसावा. आणि अर्जाची पोच न विसरता मागून घ्यावी.