आमचा वादळ्या

कुत्रा हा इमानी प्राणी आहे, असे आपण पहिलीपासून निबंधात लिहितो. पण माणसाचे आणि कुत्र्याचे नाते कसे असते ते मला आमच्या वादळ्यामुळे समजले. तेच मी येथे लिहीत आहे.

आमचे गाव समुद्राकाठी आहे. ३ जून २०२० रोजी आपल्या रायगड जिल्ह्याच्या किनाऱ्यावर निसर्ग चक्रीवादळ आले. तेव्हा मी बालवाडीत होतो. नारळी-पोफळी आडव्या झाल्या. घरांची कौले व पत्रे उडाले. जून महिन्यात मासेमारी बंद असते, म्हणून होड्या वर ओढून झापांनी शाकारून ठेवल्या होत्या. दुसऱ्या दिवशी बाबा होडी बघायला गेले. होडीखाली एक पिल्लू कुंई कुंई करत होते. त्याचे डोळे नुकते उघडले होते. बाबांनी ते टॉवेलात गुंडाळून घरी आणले. आई म्हणाली, "आपल्याच डोक्यावर कौले नाहीत, याला कुठे ठेवायचे?" आजी म्हणाली, "राहू दे गो. मुका जीव हाय." वादळात मिळाला म्हणून त्याचे नाव वादळ्या ठेवले.

गुरुजींनी आम्हांला कुत्र्याची माहिती सांगितली. कुत्र्याचे पूर्वज लांडगे होते. माणूस शेती करायला लागला त्याच्याही आधीपासून कुत्रा त्याच्याजवळ आहे. माणसाने पाळलेला हा पहिला प्राणी. कुत्र्याचे नाक व कान आपल्यापेक्षा खूप तीक्ष्ण असतात. त्याच्या अंगाला आपल्यासारखा घाम येत नाही, म्हणून तो जीभ बाहेर काढून धापा टाकतो.

वादळ्याला बाबांच्या होडीच्या इंजिनाचा आवाज ओळखू येतो. आम्हांला काही ऐकू येत नाही, तेवढ्यात तो उठून बंदरावर पळतो. तो पळाला की आजी चुलीवर भाताचे आधण ठेवते. अंगणात बोंबील वाळत घातले की तो कावळे व मांजरे हाकलतो. कधी कधी स्वतःच एखादा बोंबील पळवतो, तेही खरे सांगितले पाहिजे.

मागच्या वर्षी आमची सहल रायगड किल्ल्यावर गेली होती. तेथे शिवाजी महाराजांच्या समाधीजवळ आम्ही वाघ्या कुत्र्याचा पुतळा पाहिला. तो १९३६ साली बसवला. १६८० साली महाराज वारले तेव्हा वाघ्याने चितेत उडी घेतली, अशी गोष्ट लोक सांगतात. मला फार रडू आले. पण गुरुजी म्हणाले, "महाराजांच्या काळच्या कागदपत्रांत याचा पुरावा सापडत नाही. ही दंतकथा आहे. गोष्ट कितीही आवडली तरी ती खरी की ऐकीव, हे विचारावे." महाभारतातही युधिष्ठिराची गोष्ट आहे. बरोबरच्या कुत्र्याला सोडून तो स्वर्गात जायला तयार झाला नाही.

आता खरी गोष्ट सांगतो. गेल्या दिवाळीच्या सुट्टीत वादळ्या माझ्या मित्राला चावला. पायातून रक्त आले. वाडीतली माणसे जमली. कोणी म्हणाले, "पिसाळला असेल." कोणी म्हणाले, "विष घाला त्याला." मी दाराआड उभा होतो. वादळ्या माशांची डोकी खात होता, तेव्हा मीच मित्राला म्हणालो होतो, "ओढ त्याची शेपटी, काय नाय करत." हे कोणालाच माहीत नव्हते. मार बसेल म्हणून मी गप्प राहिलो. पण वादळ्याला बोलता येत नाही. मी बोललो नाही तर त्याच्या बाजूने कोण बोलणार? मग मी सगळ्यांसमोर खरे सांगितले. बाबांनी कान पिळला, पण विषाचे नाव पुन्हा कोणी काढले नाही.

मित्राची काकी जखमेवर मिरचीपूड लावणार होती. आशाताई धावत आल्या व त्यांनी तिला थांबवले. त्यांनी वाहत्या पाण्याखाली साबणाने पंधरा मिनिटे जखम धुतली. मग मित्राला सरकारी दवाखान्यात नेले. त्याला त्याच दिवशी इंजेक्शन दिले, मग तिसऱ्या, सातव्या व अठ्ठाविसाव्या दिवशी. डॉक्टर म्हणाले, "कुत्र्याला मारू नका. बांधून ठेवा आणि दहा दिवस लक्ष ठेवा." आम्ही वादळ्याला लस टोचलेली नव्हती. ती आमची चूक होती.

मी रोज दाराच्या चौकटीवर खडूने एक रेघ ओढत होतो. वादळ्या जेवला का, पाणी प्यायला का, ते आजी बघत होती. दहा रेघा झाल्या. वादळ्या ठणठणीत होता. त्या रात्री आजीने त्याला भाताबरोबर ताजा मांदेली घातला. मग बाबांनी त्याला गुरांच्या दवाखान्यात नेऊन लस टोचून आणली. आता दरवर्षी टोचायची आहे.

रेबीज हा रोग पिसाळलेल्या जनावराच्या लाळेतून होतो. तो एकदा झाला की माणूस बहुधा वाचत नाही. म्हणून लस लगेच घ्यावी लागते. फ्रान्स देशातल्या लुई पाश्चर यांनी ६ जुलै १८८५ रोजी जोसेफ माइस्टर नावाच्या मुलाला ही लस प्रथम दिली. तो फक्त नऊ वर्षांचा होता. तो वाचला.

मित्रांनो, कुत्रा खात असताना, झोपला असताना किंवा पिल्लांजवळ असताना त्याला छेडू नका. कुत्रा चावला किंवा त्याने ओरबाडले तर घरी लपवू नका. पालकांना विनंती आहे की मूल सांगायला आले तर आधी जखम धुवा, दवाखान्यात न्या, मग रागवा.

माझा मित्र आता पुन्हा आमच्या अंगणात खेळायला येतो. आधी तो लांब उभा राहायचा. परवा त्याने आपल्या हाताने वादळ्याला भाकरी घातली. वादळ्याने ती हळूच घेतली.

इयत्ता ४ थी