निरुपद्रवी जंतू आणि दुर्बळ रुग्ण

पटकी, विषमज्वर, घटसर्प, क्षय या रोगांचे जंतू सर्वांच्या परिचयाचे आहेत. धडधाकट माणसाच्या शरीरात शिरूनही रोग उत्पन्न करण्याचे सामर्थ्य त्यांच्या अंगी असते. परंतु जंतूंचा आणखी एक वर्ग आहे. या वर्गातील जंतू माती, पाणी, झाडांची पाने अशा ठिकाणी स्वस्थपणे राहतात व निरोगी माणसास सहसा कोणताही उपद्रव देत नाहीत. मात्र शरीर आजाराने खंगलेले असेल, अथवा उपचारासाठी त्वचेला छेद देऊन आत नळी घातलेली असेल, तर हेच जंतू प्राणावर बेतणारा संसर्ग करू शकतात. संधी मिळाली तरच रोग उत्पन्न करणारे म्हणून त्यांना ‘संधिसाधू जंतू’ म्हणतात. दुर्बळ शरीरे आणि नळ्या दोन्ही एकत्र असण्याचे ठिकाण म्हणजे रुग्णालय; म्हणून हे संसर्ग मुख्यतः तेथेच आढळतात. या पाठात अशाच एका जंतूची माहिती घ्यावयाची आहे. त्याचे नाव सेरॅशिया मार्सेसेन्स.

लाल झालेले अन्न

इ. स. १८१९ च्या उन्हाळ्यात इटलीतील पादुआ शहराजवळच्या लेन्यारो या गावी एक विलक्षण प्रकार घडला. तेथील शेतकऱ्यांचे नित्याचे अन्न म्हणजे मक्याच्या पिठाची घट्ट लापशी. तिला पोलेंटा म्हणतात. शिजवून ठेवलेल्या या पोलेंटावर रक्तासारखे लाल डाग उमटू लागले. हा दैवी कोप होय अशी समजूत पसरून गावात भीतीचे वातावरण निर्माण झाले. बार्तोलोमेओ बिझिओ या औषधनिर्मात्याने तेव्हा एक साधा प्रयोग केला. त्याने ताजा पोलेंटा उबदार व दमट जागी ठेवला; काही काळाने त्यावरही तसाच लाल थर चढला. हे एका सूक्ष्म सजीवाचे कार्य आहे असा निष्कर्ष त्याने काढला. सेराफिनो सेराती या इटालियन शास्त्रज्ञाच्या स्मरणार्थ त्याने या सजीवाला ‘सेरॅशिया’ हे नाव दिले. लाल रंग लवकर विटतो, म्हणून ‘कोमेजणारे’ या अर्थाचे ‘मार्सेसेन्स’ हे लॅटिन विशेषण त्यास जोडले. बिझिओने त्यास बुरशी मानले होते. तो दंडाकृती जंतू आहे हे पुढे निश्चित झाले.

त्याच्या लाल द्रव्याला प्रोडिजिओसिन म्हणतात. हे द्रव्य २५ ते ३० अंश सेल्सियस तपमानात चांगले तयार होते. मानवी शरीराच्या ३७ अंशांस मात्र ते सहसा तयार होत नाही. शिवाय रुग्णांमध्ये सापडणारे या जंतूचे बहुतेक वाण मुळातच रंगहीन असतात. यामुळे अन्नावर लाल रंगाने आपले अस्तित्व जाहीर करणारा हा जंतू रुग्णाच्या शरीरात रंगावरून ओळखू येत नाही. प्रयोगशाळेत अन्य कसोट्या लावूनच त्याची ओळख पटवावी लागते.

निरुपद्रवी असा लौकिक

सहज दिसणारा रंग आणि निरुपद्रवी असा लौकिक या दोन गुणांमुळे संशोधकांनी या जंतूचा खुणेसारखा उपयोग केला. विसाव्या शतकाच्या आरंभी ब्रिटिश पार्लमेंटच्या सभागृहातील हवेची तपासणी करताना एम. एच. गॉर्डन या वैद्याने या जंतूच्या द्रवाने गुळण्या केल्या व मग मोठ्याने शेक्सपिअरचे उतारे म्हटले. सभागृहात ठेवलेल्या पोषकद्रव्याच्या तबकड्यांवर लाल ठिपके उगवले. बोलताना उडणारे तुषार किती दूर जातात, हे त्यावरून दिसून आले.

सप्टेंबर १९५० मध्ये अमेरिकेच्या नौदलाने सान फ्रान्सिस्को शहराच्या किनाऱ्यावरून याच जंतूचे तुषार हवेत सोडले. जंतुयुद्ध झाल्यास शहर किती असुरक्षित ठरेल, हे त्यांना अजमावयाचे होते. नागरिकांना याची कल्पना नव्हती. ही गोष्ट १९७६ मध्ये उघडकीस आली. या प्रयोगानंतर थोड्याच काळात, ऑक्टोबर १९५० पासून, त्या शहरातील एका रुग्णालयात ११ रुग्णांमध्ये सेरॅशियाचा संसर्ग आढळला व त्यांपैकी एकाचा मृत्यू झाला. तेथील वैद्यांना हा प्रकार इतका असाधारण वाटला की, त्यांनी १९५१ मध्ये त्यावर निबंध प्रसिद्ध केला. हे जंतू नौदलाने सोडलेलेच होते की काय, हे निर्विवादपणे सिद्ध झालेले नाही. परंतु निरोगी माणसाच्या बाबतीत निरुपद्रवी असलेला जंतू रुग्णाच्या बाबतीत तसा असेलच असे नाही, ही गोष्ट या ११ रुग्णांवरून स्पष्ट झाली.

शरीराचा तट कोठे फुटतो?

निरोगी शरीर जंतूंना अनेक प्रकारे अडविते. अखंड त्वचा ही पहिली भिंत होय. श्वासमार्गातील चिकट द्रव जंतूंना पकडून बाहेर लोटतो, जठरातील आम्ल त्यांचा नाश करते, मूत्राचा प्रवाह त्यांना वाहून नेतो. यातूनही जे आत शिरतात त्यांना रक्तातील पांढऱ्या पेशी गिळून टाकतात.

आता अतिदक्षता विभागातील रुग्णाचा विचार करू. त्याच्या शिरेत सलाईनची सुई आहे, म्हणजे त्वचेची भिंत भेदली गेली आहे. मूत्रमार्गात कॅथेटर नावाची नळी आहे. श्वासनलिकेत कृत्रिम श्वसनाची नळी आहे. कर्करोगावरील औषधांनी पांढऱ्या पेशी कमी झालेल्या असू शकतात. अपुऱ्या दिवसांच्या अर्भकाच्या बाबतीत तर हे सर्व तट अद्याप पूर्णपणे उभेच राहिलेले नसतात. या नळ्यांवाचून रुग्ण जगणार नाही हे खरे. पण त्याच नळ्या जंतूंना सरळ आत नेणारे मार्ग ठरतात. सेरॅशिया नळीच्या पृष्ठभागाला चिकटून वाढतो व स्वतःभोवती चिकट थर निर्माण करतो. या थरात औषधे व पांढऱ्या पेशी यांचा प्रभाव क्षीण होतो. पुष्कळदा ती नळी काढून टाकल्याखेरीज संसर्ग हटत नाही.

रुग्णालयातील संसर्गांमध्ये सेरॅशियाचा वाटा लहान आहे. परंतु त्याला ओलावा पुरतो. पोषणाची त्याची गरज थोडी असते. नळाची तोटी, द्रव साबणाची बाटली, इतकेच नव्हे तर पातळ केलेले जंतुनाशक द्रावणदेखील त्याचे वसतिस्थान झाल्याची उदाहरणे नमूद आहेत.

ॲलाबामातील घटना

२०११ मध्ये अमेरिकेतील ॲलाबामा राज्यात सहा रुग्णालयांतील १९ रुग्णांच्या रक्तात हा जंतू आढळला. त्यांपैकी ९ रुग्ण दगावले. रुग्णालये वेगवेगळी होती, पण एक दुवा समान होता. तोंडाने अन्न घेता येत नसल्याने या रुग्णांना शिरेवाटे पोषक द्रव दिला जात होता व तो एकाच औषधनिर्मितीगृहात तयार झाला होता. तपासात तेथील पाण्याच्या तोटीवर, मिश्रणाच्या भांड्यात व ढवळण्याच्या साधनावर तोच जंतू सापडला. मिश्रण, गाळण व निर्जंतुकतेची तपासणी या तिन्ही कामांत त्रुटी राहिल्या होत्या. त्या तोटीचे पाणी कोणी प्याले असते तर बहुधा काहीच झाले नसते. तेच जंतू पोषक द्रवावर वाढून थेट रक्तात गेले, आणि जठराचे आम्ल व त्वचा यांची सर्व संरक्षक व्यवस्था वाटेतच आली नाही.

औषधे आणि प्रतिबंध

या जंतूवर प्रतिजैविके चालतात, पण सर्व नव्हे. ॲम्पिसिलिन त्याच्यापुढे निष्प्रभ ठरते. इतर औषधांना न जुमानणाऱ्या अनेक जंतूंवर अखेरचा उपाय म्हणून वापरले जाणारे कोलिस्टिनही सेरॅशियावर मुळातच निरुपयोगी असते. काही औषधांचे विघटन करणारे विकर तो स्वतः तयार करतो. म्हणून कोणते औषध लागू पडेल याची प्रयोगशाळेत परीक्षा करून मगच निवड निश्चित करणे इष्ट असते.

यावरून प्रतिबंधाचे महत्त्व ध्यानी येईल. त्याचे नियम साधे आहेत. नळी आवश्यक असेल तरच घालावी, आणि ती अजून हवी आहे की नाही याचा रोज विचार करावा. शिरेवाटे द्यावयाचे द्रव काटेकोर निर्जंतुक रीतीने तयार करावेत. साबणाच्या अर्धवट रिकाम्या बाटलीत नवा साबण ओतू नये. सर्वांत महत्त्वाचे म्हणजे एका रुग्णाकडून दुसऱ्याकडे जाताना प्रत्येक वैद्याने व परिचारिकेने हात स्वच्छ करावेत. कारण एका रुग्णाकडून दुसऱ्याकडे हा जंतू मुख्यतः हातांवरूनच जातो. साबण व पाणी यांनी हात धुण्यास ४० ते ६० सेकंद, व अल्कोहोलयुक्त द्रव चोळण्यास २० ते ३० सेकंद द्यावेत, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते.

आजारी आप्ताच्या भेटीस जाणाऱ्यांनाही हा नियम लागू आहे. रुग्णाजवळ जाण्यापूर्वी व तेथून निघताना हात धुवावेत आणि त्याच्या नळ्यांना स्पर्श करू नये. आपल्या हातावरील जंतू आपल्याला अपाय करीत नाहीत, एवढ्यावरून ते रुग्णालाही अपाय करणार नाहीत असे मानणे योग्य नव्हे.