पिवळा दिवा विझेपर्यंत: एसआरएक्स गेटवेचे सिस्टिम अलार्म

रॅकमध्ये जुनिपरचा एसआरएक्स बसवलेला असतो, इंटरनेट सुरळीत चालू असतं, कोणाची तक्रार नसते. तरीही पुढच्या बाजूला ‘अलार्म’ लिहिलेला दिवा पिवळा जळत असतो. ‘तो पहिल्यापासून असाच आहे,’ असं सांगून जुना माणूस नव्याच्या हाती किल्ल्या देतो.

अडचण अशी, की दिवा एकच असतो. किरकोळ अलार्म एक असो की चार, रंग तोच. आधीच पिवळा असलेल्या दिव्यावर उद्या लायसन्स संपल्याचा अलार्म आला, तर बाहेरून काहीच बदललेलं दिसणार नाही. म्हणून यादी कोरी करायची आणि कोरी ठेवायची. त्यासाठीची ही कृती.

आधी एक गैरसमज दूर करू. सिस्टिम अलार्म म्हणजे कोणी हल्ला केल्याची वर्दी नव्हे. डबा स्वतःच्या प्रकृतीबद्दल बोलत असतो: लायसन्स, बूट होणारी प्रत, राखीव कॉन्फिगरेशन. चुकीचे पासवर्ड टाकून कोणी दार ठोठावतंय का, याचे अलार्म वेगळे असतात. ते आधी कॉन्फिग करावे लागतात आणि ‘शो सिक्युरिटी अलार्म्स’ या कमांडने दिसतात.

तयारी

कन्सोल केबल (वेग ९६००) किंवा एसएसएच, पूर्ण अधिकार असलेलं लॉगिन, चालू कॉन्फिगरेशनची एक प्रत डब्याबाहेर, म्हणजे आपल्या सर्व्हरवर, आणि नोंदवही. खालच्या कमांड वाचायला सोप्या जाव्यात म्हणून देवनागरीत दिल्या आहेत. टाइप अर्थातच इंग्रजी अक्षरांत करायच्या.

कृती

१. दिव्याचा रंग पाहा. दिवा बंद असेल तर अलार्म नाही. पिवळसर म्हणजे ‘मायनर’: काम चालू आहे, पण लक्ष द्यायला हवं. लाल म्हणजे ‘मेजर’: सेवा बंद पडली आहे किंवा पडू शकते. लाल असेल तर बाकी सगळं बाजूला ठेवून थेट पायरी ८ गाठा.

२. दोन्ही याद्या काढा. ‘शो सिस्टिम अलार्म्स’ आणि ‘शो चॅसिस अलार्म्स’. पहिली यादी सॉफ्टवेअर, लायसन्स आणि कॉन्फिगरेशनची. दुसरी पंखा, वीजपुरवठा, तापमान यांची. यादीत तीन रकाने असतात: वेळ, वर्ग, वर्णन. नव्या डब्यावर हमखास दिसणारी ओळ अशी:

‘मायनर — रेस्क्यू कॉन्फिगरेशन इज नॉट सेट’

दोन डबे क्लस्टरमध्ये जोडलेले असतील तर ‘नोड ०’ आणि ‘नोड १’ अशी वेगवेगळी यादी येते. दुसऱ्या नोडची यादी वाचायला विसरू नका. एरवी शांत बसलेला तोच डबा अडचणीच्या वेळी पुढे यायचा असतो.

३. वेळेचा रकाना खरा आहे का ते तपासा. अलार्म कधी लागला हे कळलं, तरच त्या वेळी काय घडलं याचा माग काढता येतो. ‘शो सिस्टिम अपटाइम’ने घड्याळ पाहा. टाइम झोन ‘एशिया/कोलकाता’ नसेल तर वेळ साडेपाच तास मागे दिसू शकते. एनटीपी लावलेलं असावं. सर्ट-इन या सरकारी सायबर सुरक्षा संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार घड्याळं एनआयसी किंवा एनपीएलच्या एनटीपी सर्व्हरशी, अथवा त्यांच्याशी जुळलेल्या सर्व्हरशी जुळवायची आहेत आणि लॉग १८० दिवस जपायचे आहेत.

४. रेस्क्यू कॉन्फिगरेशन जतन करा. सगळ्यांत जास्त दिसणारा आणि सगळ्यांत जास्त दुर्लक्षित अलार्म हाच. जुनोस ही डब्याची ऑपरेटिंग सिस्टिम चालू कॉन्फिगरेशन धरून ५० आवृत्त्या आपोआप ठेवते, मग ही आणखी एक कशाला? कारण त्या ५० मध्ये कोणती आवृत्ती धड होती, हे रात्री दोन वाजता आठवत नाही. रेस्क्यू म्हणजे ‘ही चालते’ असं आपण शिक्का मारून ठेवलेली आवृत्ती.

आधी खात्री करा: सध्याचं कॉन्फिगरेशन कमिट झालेलं आहे, त्यात रूट पासवर्ड आहे, आणि त्यावर डब्यापर्यंत पोचता येतं. मग ‘रिक्वेस्ट सिस्टिम कॉन्फिगरेशन रेस्क्यू सेव्ह’. अलार्म निघून जातो. गरज पडली तर कॉन्फिगरेशन मोडमध्ये ‘रोलबॅक रेस्क्यू’ आणि नंतर ‘कमिट’.

एसआरएक्स ३०० मालिकेत पुढच्या बाजूला ‘रीसेट कॉन्फिग’चं छोटं बटण असतं. ते टोकदार वस्तूने दाबून लगेच सोडलं, तर रेस्क्यू कॉन्फिगरेशन लागू होतं. १५ सेकंद किंवा जास्त दाबून धरलं, तर सगळी कॉन्फिगरेशन्स पुसली जातात, रेस्क्यूसुद्धा, आणि डबा कारखान्यातून आला तसा होतो. रॅक उघड्यावर असेल तर ‘चॅसिस कॉन्फिग-बटन’ या सेटिंगने बटणाची ही कामं बंद करता येतात.

नवी शाखा, नवं व्हीपीएन असा मोठा बदल केला आणि तो काही दिवस नीट चालला, की रेस्क्यू पुन्हा जतन करा. जुनं रेस्क्यू असलं तरी अलार्म लागत नाही, त्यामुळे हे आपणच लक्षात ठेवायचं.

५. ऑटोरिकव्हरीची माहिती जतन करा. ‘ऑटोरिकव्हरी इन्फर्मेशन नीड्स टू बी सेव्ह्ड’ अशी ओळ असेल तर ‘रिक्वेस्ट सिस्टिम ऑटोरिकव्हरी स्टेट सेव्ह’ द्या. डिस्कची विभागणी, कॉन्फिगरेशन आणि लायसन्स यांची माहिती राखून ठेवली जाते आणि बिघाड झाल्यास बूट होताना वापरली जाते. नवं लायसन्स टाकल्यावर हीच कमांड पुन्हा द्यावी.

६. डबा कोणत्या प्रतीवरून बूट झाला ते पाहा. लहान एसआरएक्समध्ये जुनोसच्या दोन प्रती दोन विभागांत असतात. पहिली खराब झाली तर डबा मुकाट्याने दुसरीवरून उठतो. लॉगिन करताच ‘धिस डिव्हाइस हॅज बूटेड फ्रॉम द बॅकअप जुनोस इमेज’ असा मोठ्या अक्षरांतला इशारा दिसला, की समजा आता राखीव असं काही उरलेलं नाही.

‘शो सिस्टिम स्टोरेज पार्टिशन्स’ने खात्री करा. मग ‘रिक्वेस्ट सिस्टिम स्नॅपशॉट स्लाइस ऑल्टरनेट’ने चांगली प्रत खराब विभागावर उतरवा आणि ठरलेल्या वेळी रीबूट करून पुन्हा पाहा.

याचं नेहमीचं कारण म्हणजे अचानक गेलेली वीज किंवा सरळ ओढलेली वायर. डबा बंद करायचा असेल तेव्हा ‘रिक्वेस्ट सिस्टिम पॉवर-ऑफ’ द्या आणि यूपीएसची बॅटरी वेळच्या वेळी बदला. नाहीतर हा इशारा परत येणारच.

७. लायसन्सचा हिशेब घाला. ‘शो सिस्टिम लायसन्स’मध्ये प्रत्येक सुविधेपुढे वापरलेली, बसवलेली आणि लागणारी लायसन्स, तसंच मुदतीची तारीख असते. ‘लागणारी’च्या रकान्यात शून्याहून मोठा आकडा म्हणजे सुविधा कॉन्फिग केलेली आहे, पण तिचं लायसन्स नाही. दोनच मार्ग आहेत: लायसन्स घ्या, नाहीतर त्या सुविधेचं कॉन्फिगरेशन काढा. घुसखोरी रोखणाऱ्या आयडीपीचं लायसन्स संपलं, तर असलेल्या सिग्नेचर चालू राहतात, नव्या मात्र उतरत नाहीत. संरक्षण आहेसं वाटतं आणि ते रोज थोडं जुनं होत जातं. मुदतीची तारीख खरेदी विभागालाही कळवून ठेवा.

८. चॅसिसचे अलार्म हाताळा. ‘शो चॅसिस एन्व्हायर्नमेंट’ने तापमान, पंखे आणि वीजपुरवठा पाहा. धूळ, हवा अडवणारे केबलचे गुंडाळे, रात्री बंद केला जाणारा एसी ही कारणं आधी तपासा. भाग बदलण्याची वेळ नंतर येते.

मोठ्या मॉडेलांवर वेगळा मॅनेजमेंट पोर्ट असतो. त्यात केबलच नसेल तर ‘इथरनेट लिंक डाऊन’चा अलार्म लागून राहतो. तो पोर्ट वापरायचाच नसेल, तर ‘सेट चॅसिस अलार्म मॅनेजमेंट-इथरनेट लिंक-डाऊन इग्नोर’ लिहून कमिट करा. पण आधी खात्री करा, की केबल खरोखर कधी नव्हतीच. कोणी काढून नेलेली नाही.

९. पडताळा घ्या आणि नोंद करा. दोन्ही याद्या पुन्हा काढा. ‘नो अलार्म्स करंटली ॲक्टिव्ह’ दिसलं पाहिजे. वहीत तारीख, अलार्म, कारण आणि उपाय लिहा. अलार्म लागल्या-निघाल्याच्या नोंदी लॉगमध्ये ‘अलार्मडी’ या नावाने शोधता येतात. त्या बाहेरच्या सिसलॉग सर्व्हरवरही जाऊ द्या, कारण डबाच गेला तर त्यातला लॉगही गेला.

शेवटी लॉगिन क्लासला ‘लॉगिन-अलार्म्स’ लावा, म्हणजे त्या क्लासमधलं कोणीही आत आलं की चालू अलार्म समोर येतील. लक्ष ठेवण्याचं काम मग एकाच माणसाच्या आठवणीवर राहत नाही.

सिस्टिम अलार्म ठरलेले असतात. मॅनेजमेंट पोर्टच्या चॅसिस अलार्मसारखी, ते लागू नयेत किंवा कमी गंभीर दिसावेत अशी सोय त्यांना नाही. कारण दूर केलं की ते आपोआप जातात, नाहीतर राहतात. वरच्यापैकी पायरी ४ आणि ५ ला रीबूट लागत नाही, सेवाही थांबत नाही. तेव्हा निदान त्या दोन तरी आजच उरकून टाका.